पालटीला शेजार नाही

प्रिय संपदा,

प्रिय लिहायची पद्धत आहे म्हणून लिहिलं. बादलीवर ताट झाकून, वर वीट ठेवून आईची ती पालटी सुनेच्या हातात देताना तुला जराही लाज वाटली नाही? चार वर्षं ठेवून घेतलीस, आता मोठ्या बहिणीच्या दारात आणून टाकलीस आणि सोबत दोन ओळींचा चिटोरासुद्धा नाही. क्षितिजा बिचारी मनवेलपाड्यापासून अर्नाळ्यापर्यंत रिक्षात बादली मांडीवर घेऊन बसली. तिला वाटलं मुंगूस आहे. मी म्हटलं, मुंगसाला शेपूट असते, बाई. फोन तर तू उचलत नाहीस, म्हणून हा कागद. चौथीपर्यंतचं अक्षर आहे, चुका काढत बसू नकोस. तू दहावी झालीस तेव्हा मासळी कोण वाळवत होतं ते आठव.

पालटी होती तशीच आहे. भर उन्हात अंग ओलं, आणि तोंड असं की आत्ता शिंकेल. आईच्या बाराव्याला तू तिला पिशवीत घालून नेलीस, तेव्हा मी आळीभर तुला शिव्या दिल्या. दिल्या म्हणजे दिल्या, माफी मागणार नाही. मग तुझ्या संकेतला पहिल्याच मुलाखतीत नोकरी लागली. अख्ख्या बिल्डिंगीचं पाणी गेलं तरी तुमच्या एकट्या नळाला यायचं. आणि इथे काय? दसऱ्यानंतर किनाऱ्यावर बोंबील वाळवायच्या जागांसाठी बायका चिठ्ठ्या उचलतात. आई होती तोवर दरवर्षी वरची कोरडी जागा आपलीच. ती गेली आणि पहिल्याच वर्षी माझ्या हाताला नाल्याकडची जागा लागली. वलांडीच्या बांबूंवर बोंबील टांगायचे आणि दिवसभर कुत्री हाकलत बसायचं. तुझे भावजी म्हणाले, जा, बहिणीच्या हातापाया पड आणि घेऊन ये ती. मी म्हटलं, नाल्यात बसेन पण तिच्याकडे मागणार नाही.

त्या वर्षी कोरडी जागा कुणाला लागली सांगू? वसूला. जन्मात पहिल्यांदा. आपल्या घराला तिची भिंत लागून, म्हणून तिच्या नशिबी कायम नाला होता, हे तुला माहीत आहे, मलाही माहीत होतं. पालटी नवं नशीब आणत नाही, शेजारचं ओढून आणते. मी लहानपणी आईला विचारलं होतं, मग शेजारच्यांचं कसं? आई म्हणाली, “त्याला आपन काय करनार?” तर ती वसू दुसऱ्या दिवशी माझ्याकडे आली. म्हणाली, तुझे अर्धे बोंबील माझ्याकडे टांग, माझे बांबू रिकामेच आहेत. चार वर्षं मी तिच्या बांबूंवर टांगते आहे. आपण तिला कधी एक बांबू तरी दिला होता का, संपे?

आता जे कधी बोललो नाही ते लिहिते. ते वादळ झालं तेव्हा मी नऊची, तू सहाची. आपल्या बाबांची होडी परत आली, वसूच्या बाबांची आली नाही. पालटीला वर्षातून एकदा, पहिल्या बोंबलाचं डोकं द्यायचं एवढाच नेम. त्या संध्याकाळी आईने तिला अख्खा पापलेट दिला आणि आपल्याला गप्प राहायला सांगितलं. त्रेचाळीस वर्षं आपण गप्प आहोत. मी वसूच्या हातचा चहा पीत गप्प.

बाकीचं क्षितिजाने सांगितलं. तुझ्या पोटात गाठ आहे, डॉक्टर ऑपरेशन करा म्हणतात, आणि तू नाही म्हणतेस. तपासणीला दवाखान्यात होतीस त्या रात्रीत तुझा ताप उतरला आणि शेजारच्या खाटेवरची बाई गेली. तेव्हापासून नीट जेवत नाहीस. पालटीला घराबाहेर काढलंस आणि सुनेला म्हणालीस, फेडायची पाळी आता माझी आहे. हे ऐकलं आणि माझा राग दुप्पट झाला. फेडायचं ते तू एकटीने कोण ठरवणार? त्या घरात मी राहत नव्हते?

काल चिठ्ठ्यांचा दिवस होता. मी बादली उचलली आणि भर किनाऱ्यावर वसूसमोर ठेवली. सगळ्या बायकांदेखत सगळं सांगितलं, पापलेटासकट. वसूने ताट उचलून आत बघितलं. म्हणाली, “एवढीशीच?” मला वाटलं आता बादलीच डोक्यात घालते. घातली असती तरी मी हलले नसते. मग म्हणाली, “संपीला सांग, माझा बापूस वादळानं नेला. या ओल्या उंदरानं नाय.” आणि चिठ्ठ्यांचा डबा तिने सरळ समुद्रात रिकामा केला. आता जागा दरवर्षी पाळीने फिरणार. नाल्याचं पहिलं वर्ष मी मागून घेतलं.

पालटी कालपासून किनाऱ्यावर पालथ्या घातलेल्या होडीखाली राहते. घर कुणाचंच नाही, म्हणून तिला शेजारही नाही. ओढणार कुणाचं? आज सकाळी हात लावून बघितलं, अंग कोरडं होतं. मांजराच्या पिल्लासारखं.

म्हणून हे पत्र. ती पालटी आता तुला तारणार नाही आणि तुझ्याकडून काही वसूलही करणार नाही. राहिला डॉक्टर, आणि त्याला त्याचं काम येतं. ऑपरेशनच्या दिवशी मी आणि वसू दोघी येऊन बसणार आहोत, वसूने आपणहून सांगितलं. तुझ्या शेजारच्या खाटेवर जी कोणी असेल तिच्यासाठीही पेज आणू. शुक्रवारी संध्याकाळी चारच्या आत क्षितिजाच्या फोनवरून मला एकच शब्द कळव, हो. नाही म्हणालीस तर शनिवारी आम्ही दोघी बांबू घेऊन मनवेलपाड्याला येऊ, तुझ्या गॅलरीत बोंबील टांगू आणि तुझं हो येईपर्यंत उठणार नाही. सोसायटीला काय उत्तर द्यायचं ते तू बघ. शुक्रवार, चार वाजता. वाट बघते आहे.

तुझीच, तुला आवडो न आवडो,
पुतळा