पंच्याण्णवचा बॉलर

प्रिय नुपूर,

फोनवर तू मला बोलू देत नाहीस, म्हणून लिहायला बसले आहे. मी तोंड उघडलं की तुझं 'ऑल गुड, आई' सुरू होतं, आणि मग कुणीतरी दारावर आलंय म्हणून फोन बंद. इतकी माणसं तुमच्या दारावर येतात तरी कशाला? आणि इकडे तुझे बाबा. तुम्ही दोघांनी मिळून मला अगदी वात आणला आहे. तेव्हा आता मुकाट्याने शेवटपर्यंत वाच.

दोह्यात सध्या फुटबॉलशिवाय विषय नाही. बिन महमूदमधले निम्मे रस्ते खणलेले, उरलेल्यांवर झेंडे. भाजी आणायला निघालं तर कालचा रस्ता आज बंद. इमारतीतले सगळे उठताबसता वर्ल्डकपच्या तिकिटांचंच बोलतात. अशा या गावात बेसबॉल बघणारा एकच माणूस असावा, आणि तो नेमका माझ्या वाट्याला आला आहे.

तुला तो व्हिडिओ कॉल आठवतच असेल. दोन वर्षांपूर्वी तू एथनची ओळख करून दिलीस. हा बेसबॉलमध्ये पिचर आहे, पंच्याण्णवच्या स्पीडने बॉल टाकतो, असं किती कौतुकाने सांगितलंस. आणि बाबा फटकन हसून म्हणाले की एवढ्या स्पीडने तर आपल्याकडे फिरकी टाकतात. तू फोन आपटलास, आणि नंतर कोर्टात लग्न उरकूनच आम्हाला कळवलंस. बाबांनी जन्मभर क्रिकेट पाहिलं ते किलोमीटरमध्ये. अमेरिकेत अजून मैल चालतात, हे या इंजिनिअर माणसाच्या डोक्यात आलंच नाही. ते कळलं कुठे, तर रास लफानला गॅसच्या प्लांटवर, एका अमेरिकन कंत्राटदाराकडून. त्या दिवशी कंपनीच्या बसमधून उतरून घरी आले, चहा समोर तसाच, आणि मला म्हणाले, दीडशेच्या वर जातं ते. मी म्हटलं, मग हेच लेकीला फोन करून सांगा. तर म्हणे, करू. अजून करताहेत.

त्याऐवजी त्यांनी एथनच्या टीमच्या मॅचेस बघायला सुरुवात केली. तुमच्याकडची संध्याकाळ म्हणजे आमची पहाट, म्हणून एरवी बसमध्ये फोनवर, आणि शुक्रवारी सुट्टी म्हणून जेवणाच्या टेबलावर. पोहे गार होतात. कोण जिंकलं म्हणून विचारावं तर माहीत नसतं. स्क्रीनच्या कोपऱ्यात स्पीड येतो, तेवढाच बघतात. आणि एथनचं नाव घेतील तर शपथ. आज आमचा बॉलर आहे, एवढंच. पिचर म्हणायचं हे मी शंभरदा सांगितलं.

पण मे महिन्यात एक गंमत झाली. लिफ्टमध्ये शेजारच्या रुकैयाभाभी भेटल्या, आणि बाबा त्यांना आपणहून सांगायला लागले, "हमारा दामाद पिचर है, पंचानवे मील." दामाद! जो शब्द मराठीत दोन वर्षं जिभेवर आला नाही, तो हिंदीत, लिफ्टमध्ये. भाभींनी फक्त 'पिच' ऐकलं. त्यांना वाटलं, आपला जावई स्टेडियममधल्या गवताच्या कामावर आहे. दुसऱ्याच दिवशी बिर्याणी आली, आणि तिच्या मागोमाग सेमीफायनलच्या पासांची चौकशी. खुलासे करून करून मी थकले. बाबांनी बिर्याणी खाल्ली.

ऑगस्टपासून मात्र ते स्क्रीनच्या आणखी जवळ सरकून बघायला लागले. त्यांचं काम तुला माहीत आहे, कॉम्प्रेसरची थरथर मोजायची. यंत्र बंद पडण्याच्या कितीतरी आधी आकडा सांगतो, हे लहानपणी जेवताना ऐकवून ऐकवून त्यांनी तुझं डोकं उठवलं होतं. एका शुक्रवारी फोन टेबलावर उपडा ठेवला आणि म्हणाले, "शशी, याचं बेअरिंग जायला लागलंय." मी वैतागले, सुट्टीच्या दिवशी तरी प्लांट नको म्हटलं. तर प्लांटचं नव्हे, एथनच्या खांद्याचं. आधी ब्याण्णव, मग नव्वद, आता सत्त्याऐंशी. पुढच्या मॅचमध्ये एथन दिसलाच नाही. आणि त्याच आठवड्यात तू मला अगदी सहज विचारावं तसं विचारलंस, शेकायला ओवा-मिठाची पुरचुंडी कशी करायची, तुझी मान आखडलीय म्हणून. नुपूर, तुझी मान आखडत नाही. ती मुळातच ताठ आहे, बापासारखी.

परवा बाबांनी टीमच्या साइटवर त्याचं नाव शोधलं. नाही सापडलं. त्याला काढून टाकलंय, हे आम्हाला माहीत आहे. तू का लपवलंस तेही मला कळतं. पंच्याण्णव ऐकून जो माणूस हसला, त्याला सत्त्याऐंशी कोणत्या तोंडाने सांगायचं? पण मी कुठे हसले होते? तुम्ही दोघंच तिकडे हे सगळं सोसताय, आणि मला म्हणे ऑल गुड. इतका राग आलाय, आणि रागाबरोबर रडूही येतंय.

म्हणून हे पत्र. दोघं इथे या. नोव्हेंबर लागला की वर्ल्डकपच्या तिकिटाशिवाय बाहेरच्यांना येऊ देणार नाहीत, तेव्हा त्याआधी निघा. तुझ्या खोलीतून इस्त्रीचं टेबल मी हलवलंय. बाबांना म्हटलं, या पत्रात तुम्हीही दोन ओळी लिहा. पेन हातात घेऊन बसले, आणि मग मलाच परत दिलं. म्हणाले, एथनला कळव, दुरुस्तीसाठी शटडाऊन घेतला म्हणून यंत्र कुणी भंगारात काढत नाही. मग बूट घालून दारापर्यंत गेले, तिथून परत वळले, आणि मराठीत म्हणाले, "जावयाला सांग, आमच्याकडे किलोमीटर चालतात. इथे उतरला की त्याच्या सत्त्याऐंशीचे एकशे चाळीस होतील."

तुझीच,
दोन्हीकडून वैतागलेली
आई