नव्या फौजदाराने न घेतलेला गूळ

नाशिक, कार्तिक वद्य द्वितीया, १९३५

सूनबाई, लिही. आपल्या विष्णूने जमीनदाराची गवताची गंजी जाळली म्हणणाऱ्या फौजदाराचं घोडं जमीनदाराच्याच गोठ्यात चंदी खायचं. आपल्या वकिलांनी कोर्टात तेच मांडलं, तपास दुसऱ्याकडे द्या म्हणाले. कोर्टाने ऐकलं.

आज नवा फौजदार आला. घोडं नदीकाठच्या चिंचेला बांधलेलं. मी गूळपाणी पुढे केलं. "नको आजी, जमीनदाराकडेही घेतलं नाही."

एरवी असा पाहुणा मी जन्मभर टोमण्यांत ठेवला असता. आज बरं वाटलं.

पण गूळ न खाणारा माणूस आपलीही बाजू घेणार नाही... विष्णूनेच जाळली असेल तर? थांबू नकोस, लिही, तुझ्याही मनात तेच आहे.

गूळ झाकून ठेवलाय. पोराने जाळली नसेल, तर हा गूळ पोराचाच.