शांत, साधा की एकच जीव

४ मार्च

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

तुझं पत्र पोचलं. फोनवर मला नुसती गुणगुण कळते, आणि मोबाइलवरचे तुझे चार-चार शब्दांचे निरोप म्हणजे तहानलेल्याच्या तोंडावर शिंतोडे. तेव्हा अशीच पानभर लिहीत जा बाई.

तू पाठवलेला गेम रोज दुपारी खेळते. चौतीस वर्षं मागावर उभी राहिलेली बाई बटणं दाबून काय करणार, असं आधी वाटलं होतं. पण जंगलात एकटीला सोडतात, लाकूड तोडा, घर बांधा, शेत लावा आणि जगून दाखवा म्हणतात. हे तर मी जन्मभर केलंय! डब्यावर लिहिलंय की अंधार पडला की गुरगुरे नावाची जनावरं गुरगुरत येतात आणि फाडून खातात. माझ्याकडे चाळीस दिवसांत एकही फिरकला नाही. कुंपण दुहेरी घातलंय, भोवती चर खणलाय, आणि अंधार झाला की मी चिलखत घालून दारात उभी राहते. गुरगुऱ्यांमध्ये माझा दरारा पसरलेला दिसतो.

तुझ्या बापाचं तुणतुणं चालूच आहे. परवा नळदुरुस्तीवाला अर्धा तास दारावरची घंटा वाजवत उभा होता, मला पत्ता नाही. मी ओठ वाचते हे खरं, पण दाराला ओठ नसतात ना. त्यात मागच्या आठवड्यात दूध उतू जाऊन गॅस विझला. झालं, मापाड्याला आयतं कोलीत मिळालं. जन्मभर दुकानदारांची वजनं तपासली, आता माझ्या चुका तोलतो. म्हणतो, एप्रिलअखेर घर बंद कर आणि माझ्याकडे राहायला ये.

खरं सांगू? दोन खोकी भरलीसुद्धा आहेत. पण मन तयार होत नाही गं. हे घर मी माझ्या कमाईवर घेतलं. इथे मी नुसती बाई असते. त्याच्याकडे गेले की बहिरी बाई होईन. तुझं मत कळव, आणि बापाला घाबरून लिहू नकोस.

माया आहेच, पत्राची वाट पाहते.

तुझी
आत्या

११ मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र लॅबमध्ये वाचलं आणि एवढी हसले की मेणात रचलेले चार दात वाकडे झाले. पुन्हा रचायला दुपार गेली. इथे सध्या एका आजोबांची कवळी बनवतेय. त्यांना नवे दातही जुन्यासारखे जरा वाकडेच हवेत, नाहीतर बायको ओळखणार नाही म्हणतात. साहेब कपाळाला हात लावून बसलेत. मी मात्र हट्टाने वाकडे करून देणार आहे.

गेम आवडला हे वाचून बरं वाटलं. गुरगुऱ्यांचं काय, येतात कधी, कधी नाही येत. तू त्यांचा फार विचार करू नकोस. शेत कर, घर सजव.

राहायला जाण्याबद्दल विचारलंस. बाबांचं अगदीच चूक आहे असं मला म्हणवत नाही. गॅसचं वाचून मी माझीही शेगडी दोनदा तपासून आले. रागावू नकोस, पण थोडा विचार कर.

तुझा लोभ कमी झाला तर मला झोप यायची नाही, एवढं लक्षात असू दे.

तुझी
भिंगरी

१६ मार्च

चि. भिंगरीस,
आशीर्वाद. (आज एवढाच.)

काल तुझा बाप आला होता. त्याची सवय तुला ठाऊक आहे, औषधाच्या बाटलीवरची बारीक अक्षरंसुद्धा तो शेवटच्या ओळीपर्यंत वाचतो. मी गेम लावला, तर हा चष्मा पुसून टीव्हीला नाक लावून बसला. आणि कोपऱ्यात बोट लावून दाखवलंन, की मोड: शांत. शांत मोडमध्ये गुरगुरे नसतातच म्हणे! म्हणजे एवढे दिवस मी चिलखत घालून कोणाची वाट पाहत होते गं? तो एवढा हसला की डोळ्यांतून पाणी आलं. मलाही हसू आलं असतं, पण तो मोड तू निवडला होतास.

विचारलं असतंस तर कदाचित मी स्वतःच शांत घेतला असता. मला कुठे तलवारी चालवायची हौस आहे? पण तू विचारलं नाहीस. म्हातारी बहिरी आहे, तिला काय कळणार, बसू दे लहान मुलांच्या खेळात. कारखान्यात चाळीस मागांच्या खडखडाटात कोणालाच ऐकू यायचं नाही, पण एकाही पोरीने मला न विचारता माझ्या मागाला हात लावला नव्हता.

तो हसत होता तेव्हाच मी पैज लावली. डब्यावर तीन मोड लिहिलेत, त्यातला सगळ्यात अवघड मी घेणार, एकच जीव. त्यात शंभर दिवस जगले, तर त्याने माझ्या घराचा विषय पुन्हा काढायचा नाही. त्याआधी मेले, तर एप्रिलअखेर मी चावी त्याच्या हातात देऊन मुकाट्याने त्याच्याकडे जाईन. शब्द दिलाय. नवीन जग कसं सुरू करायचं ते लिहून पाठव, आणि आगाऊ सल्ला नको.

रागातही माया असते म्हणतात, तेवढी समज.

आत्या

२० मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि. आणि कान पकडून माफी.

चुकले. तुझ्यासाठी गेम लावताना बाबांशी बोलणं झालं होतं, तुझ्या कानांचं, तुझ्या एकटं राहण्याचं. त्याच काळजीत शांत मोड दाबून टाकला. तुला विचारावं हे डोक्यातही आलं नाही, आणि त्याचीच आता जास्त लाज वाटते.

आता आगाऊपणा नाही, फक्त माहिती. शांत मोड तू पाहिलासच. साध्या मोडमध्ये गुरगुरे असतात, पण मेलीस तर आपल्या पलंगावर परत जागी होतेस, घरदार जिथल्या तिथे. एकच जीवमध्ये एकदा मेलीस की संपलं, घर, शेत, अख्खं जग पुसलं जातं. मोड सुरुवातीलाच निवडायचा, नंतर बदलता येत नाही. गेममधला एक दिवस वीस मिनिटांचा असतो. आणि आत्या, गुरगुरा मागून येतो. झडप घालण्याआधी दोन सेकंद गुरगुरतो, तेवढीच सूचना मिळते. मी स्वतः एकच जीवमध्ये नऊ दिवसांच्या वर टिकले नाही, आणि माझे कान ठणठणीत आहेत.

माझ्या मते साधा मोड घे. पण गेल्या वेळी तुझ्याऐवजी मी निवडलं होतं, या वेळी तू निवड. बटणं कुठली दाबायची ते मागच्या पानावर चित्र काढून लिहिलंय.

जीव टांगणीला लागलाय. तुझा हात डोक्यावर राहू दे.

तुझी
भिंगरी

६ एप्रिल

चि. भिंगरी बाळास,
अ. उ. आ.

तू विचारलंस म्हणून सविस्तर कळवतो. ताईने एकच जीवच घेतला. २४ मार्चला सुरुवात केली. रोज दुपारी चार ते पाच वाजून वीस मिनिटं, म्हणजे गेममधले चार दिवस. आज छप्पन्नावा दिवस संपला. ती जिवंत आहे.

अटी मी कागदावर लिहून काढल्या, दोघांच्या सह्या झाल्या. पंच म्हणून मी शेजारी बसायचं. हातवारे करायचे नाहीत, कोपर मारायचं नाही, खाकरायचं नाही (ते तिला ऐकू येत नाही, पण सोफा हलतो). म्हणून मी दोन्ही हात मांडीखाली घेऊन बसतो. उठताना मुंग्या येतात.

तिची पद्धत सांगण्यासारखी आहे. घर उघड्या माळावर बांधलं, भोवती वीस पावलांवर एकेक दिवा. दर दहा पावलांनी ती मागे वळून बघते. मी विचारलं, तर म्हणाली की चार माग सांभाळणारी बाई अशीच फेरी मारते, धागा तुटल्याचं मागे वळल्याशिवाय कळत नाही. कुंपणाला शेळ्या बांधल्यात. शेळ्यांनी माना वळवल्या की ही घरात. एकोणतिसाव्या दिवशी दोन गुरगुरे आले, तर दोन्ही चरात पडले. तिने माझ्याकडे बघून भुवया उडवल्या. मी नोंद केली.

मी हरेन असं वाटू लागलंय. पण हे तिच्या भल्यासाठीच चाललंय, हे तूही जाणतेस. ती हरली तर बरंच आहे. खोली रंगवून घेतली आहे.

जेवण वेळेवर घेत जा. माया आहेच.

तुझे
बाबा

१९ एप्रिल

चि. भिंगरीस,
अ. उ. आ., पोटभर.

जगले गं! शंभर दिवस, एकाच जिवावर. पण पेढे वाटू नकोस, पुढचं वाच.

सत्त्याण्णवाव्या दिवशी दिव्यांचं तेल संपलं. तेलाचे दगड मिळतात खाणीत, म्हणून उतरले. अर्ध्या वाटेत हातातलाही दिवा विझला आणि अख्खा टीव्ही काळाकुट्ट झाला. त्या काळ्या काचेत मला आमचा सोफा दिसला, मी आणि शेजारी तुझा बाप. हात मांडीखाली, डोळे मोठे, आणि ओठ सारखे हलतायत. तो म्हणत होता, ताई मागे बघ, मागे वळ गं, ताई सांभाळ. मी वळले. काळोखात गुरगुऱ्याचे डोळे दोन हातांवर चकाकत होते. कुऱ्हाड कशी चालवली ते माझं मलाच माहीत नाही. मग दिसेल त्या वाटेने पळत सुटले, ते उजेडात येऊनच थांबले.

काय सांगू भिंगरे, मला रडूच फुटलं. मला हरवायला बसलेला माणूस! ज्याने उभ्या आयुष्यात कोणा दुकानदाराला एक ग्रॅम सोडला नाही, तो तोंडातल्या तोंडात माझ्यासाठी लबाडी करत होता. आणि मला ऐकू येत नाही, म्हणजे हे किती दिवस चाललं होतं देव जाणे.

उरलेले तीन दिवस पुरे केले. मग त्याने कागद काढला, सही करायला पेन उघडलं, तेव्हा मी खरं ते सांगून टाकलं. म्हटलं, तू बोललास, मी वाचलं, म्हणून वाचले. माझी मी जगले नाही, म्हणजे मी हरले. आधी तो शपथेवर म्हणाला की मी अवाक्षर काढलं नाही. मी त्याचे शब्द जसेच्या तसे म्हणून दाखवले. तो कानापर्यंत लाल झाला, कागद तसाच टाकून उठला आणि निघून गेला. कालही आला नाही, आजही नाही.

मी तिसरं खोकं आणलंय. शब्द म्हणजे शब्द. जाईन मी त्याच्याकडे. वाईट वाटतंय, खूप वाटतंय, ते तुझ्यापाशी नाही तर कोणापाशी लिहू?

तुझ्या मायेची आता जास्त गरज लागेल.

तुझी
आत्या

२४ एप्रिल

चि. भिंगरी बाळास,
अ. उ. आ.

ताईचं पत्र तुला पोचलं असेल. तू मला लिहिलेलं खरमरीत पत्रही पोचलं. पुरे आता, माझंही ऐक.

तीन दिवस मी घरात बसून विचार केला. माझं तोंड चालू होतं हे मला खरोखर माहीत नव्हतं. ती हरावी म्हणून बसलो होतो आणि ती मरू नये म्हणून बडबडत होतो, हे कसं, याचा हिशेब लागेना. मग लागला. तिचे कान हे निमित्त होतं बाळ. तुझी आई गेली, मग तू नोकरीला गेलीस. एकट्याला माझ्या गळ्याखाली घास उतरत नाही. हे बहिणीला सांगायची लाज वाटली, म्हणून सगळं तिच्या कानांवर ढकललं. त्या पंचवीस दुपारी हात बधिर करून बसलो, तेवढा सुखात मी गेल्या दोन वर्षांत नव्हतो.

एकवीस तारखेला गेलो तिच्याकडे. ती तिसरं खोकं बांधत होती. मी दोरी सोडली आणि नियम सांगितला. माप खोटं निघालं तर दंड मापाड्याला होतो, गिऱ्हाइकाला कधीच नाही. लबाडी माझी, म्हणून पैज मी हरलो. घराचा विषय आजपासून बंद. मग वरचं सगळं सांगितलं, तिच्यासमोर उभं राहून, ओठ नीट दिसतील असं.

तिने ते खोकं पायाने बाजूला सारलं. मग कडाडली, की मला कान नाहीत हे ठीक, पण तुला तोंड होतं ना? आधीच सांगायला काय झालं होतं? एवढं बोलून दोन ताटं घेतली. आता रोजचं रात्रीचं जेवण तिच्याकडे. तिच्या दारावर घंटेबरोबर पेटणारा दिवा मी बसवून दिलाय, आणि दूध तापवायचं काम माझ्याकडे आलंय.

जेवणाआधी आम्ही गेम खेळतो, आता दोघांनी मिळून, नवीन जगात. मोड निवडताना तिने मला विचारलं, मी तिला विचारलं, साधा घेतला. चारच संध्याकाळी झाल्या आणि मी अकरा वेळा मेलोय. कान असूनही मागून कोण येतंय ते मला कळत नाही. पण माझा पलंग तिने तिच्याच घरात लावून दिलाय. दर वेळी मेलो की तिथे जागा होतो, आणि ताई दिवा घेऊन उशाशी उभी असते.

सुट्टी काढून ये. तुझ्यासाठी तिसरा पलंग करायचं चाललंय, लाकूड कमी पडतंय.

तुझे
बाबा