पिवळा, सात मिनिटं

३ मार्च
फिल्मचं पक्कं. सात मिनिटं. फक्त पिवळा. गोष्ट नाही, माणसं नाहीत. आवाजही पिवळा वाटला पाहिजे. फेस्टिव्हलची मुदत महिनाअखेर. भरपूर वेळ आहे.

७ मार्च
बेलपाड्याला मावसभावाची हळद शूट केली. बेंजो, नाचणाऱ्या बायका. फार आनंदी पिवळा. डिलीट.

११ मार्च, सकाळ
बाबांचे डोळे पिवळे झालेत. हाच तो. असा पिवळा शोधून मिळत नाही. खिडकीशी बसवलं. म्हणाले, ‘फोटू काढतंस? दारी तरी करू दे रं.’ नको म्हटलं. दाढीला टेक्स्चर आहे.
नियम मोडलेला नाही. डोळा म्हणजे माणूस नव्हे.

१२ मार्च
दिपिकाने भांडण काढलं. म्हणाली, ‘तुझ्या बापाला कावीळ झालीय आणि तू लाइट बघत बसलायस.’ बायकोला कला कळावी ही अपेक्षा नाही. दवाखान्यात ट्यूबलाइट. सगळा रंग मरेल. सोमवारी नेतो. बाबा स्वतः काही म्हणत नाहीत.

१५ मार्च
गावाहून हौसाआत्या कावीळ उतरवायला आली. बाबांच्या हातांना चुना चोळला, परातीत धुतले. पाणी पिवळंधमक. विलक्षण शॉट. फोकस गेला होता, म्हणून पुन्हा करायला सांगितलं. आत्या म्हणाली, ‘कावील काय दोनदा उतरते रं, येड्या?’ तरी केलं. दुसऱ्यांदाही पिवळंच.
माझा यावर विश्वास नाही. पण उतरली हे डोळ्यांनी पाहिलं. उद्याचा दवाखाना रद्द.

१९ मार्च
बाबा दिवसभर झोपून. मला प्रभाकर म्हणाले. प्रभाकर त्यांचा भाऊ, केव्हाच वारला. श्वास रेकॉर्ड केला. उत्तम आवाज.

२० मार्च
पनवेलला ॲडमिट केलं. डॉक्टरांनी विचारलं, डोळे कधीपासून पिवळे? मी म्हणालो, दोनेक दिवस. दिपिका म्हणाली, ‘अकरा तारखेपासून. याचं शूटिंग होतं.’

२३ मार्च
बाबा गेले.

५ एप्रिल
फुटेज पाहिलं. व्हाइट बॅलन्स ऑटोवर राहिला होता. कॅमेऱ्याने पिवळा आपोआप काढून टाकलाय. बाबांचे डोळे पांढरे. चेहरा ठणठणीत. दिपिकाला बोलावून दाखवलं. म्हटलं, बघ, यात कुणाला काय कळणार होतं?
ती म्हणाली, आवाज लाव.
लावला. पहिल्याच शॉटमध्ये बाबा विचारतात, ‘झाला का रं? आता दवाखान्यान जाव?’
मी म्हणतो, ‘हलू नका.’