‘ड’ वर्गातली फाइल

दर्यापूर, रविवार

आदरणीय डोमाजीभाऊ,

श्रावणचा सप्रेम जय भीम. इकडे आम्ही सगळे बरे आहोत. तिकडे अकोल्यात तुमचा गुडघा आणि सुंदरावहिनींचा दमा कसा आहे ते कळवावे. (तुम्ही कळवणार नाही, हे मला ठाऊक आहे. पाच वर्षांत तुम्ही माझा एकही फोन उचललेला नाही. पण हातात आलेला कागद न वाचता टाकून देणं तुमच्याच्याने होत नाही, हे मी कचेरीच्या रेकॉर्ड खोलीत बावीस वर्षं पाहिलंय. म्हणून पत्र.)

तर माझ्या हातून घरात एक गुन्हा घडला. आमची सून मोनाली घरबसल्या लोकांची टेंडरं भरून देते. समोरच्या खोलीत तिचा जुना डेस्कटॉप आहे. तो फार हळू चालायला लागला, तेव्हा मी म्हटलं, आपण रिटायर माणूस, रिकामेच आहोत, तर याचं रेकॉर्ड लावून टाकू. पद्धत आपलीच : अ वर्ग कायमचा, ब वर्ग तीस वर्षं, क वर्ग दहा, आणि वर्षभरानंतर ज्याला कुणी विचारत नाही तो ड वर्ग, म्हणजे मागच्या अंगणात नेऊन जाळायचा. आत पाहतो तर हजारो फायली, सगळ्या जुन्या तारखांच्या. यांना लायब्ररी फाइल म्हणतात म्हणे. एक उघडून पाहिली तर उघडेचना. ज्या लायब्ररीतलं काही वाचताच येत नाही ती ठेवायची कशाला? मी त्या फाइलीला सरळ ड वर्ग दिला. मशीनने ‘तुम्हाला परवानगी नाही’ असं सांगितलं, पण उभा जन्म फेरफार पाहण्यात गेलेल्या माणसाला असं अडवता येतं का? दुपारभर खटपट करून मी मालकी स्वतःच्या नावावर चढवून घेतली आणि फाइल नष्ट केली. (नाश-यादीवर नियमाप्रमाणे तुमची-माझी अशा दोन सह्या लागायच्या. इथे माझी एकटीच होती. सगळा घोळ तिथेच झाला.)

बुधवारी मोनाली ऑनलाइन सहीसाठीचं नवं डिजिटल सर्टिफिकेट घ्यायला बसली. जुन्याची मुदत संपली होती, आणि गुरुवारी पाचच्या आत शेजारच्या बेबीताईच्या बचत गटाचं शाळेच्या खिचडीचं टेंडर सही होऊन जायला हवं होतं. दहा बायांच्या वर्षभराच्या कामाचा प्रश्न. मशीन म्हणे, फाइल सापडत नाही. कोणती, तर नेमकी माझी ड वर्गातली. मोनालीने माझ्याकडे पाहिलं. “बाबा, तुमी याच्यात काय करून ठेवलं?” तिची सासू कौशल्या पोळपाट सोडून आली. “मी म्हनतच होती, कचेरीतलं खूळ घरात काहून आनता? तिथं अंगन होतं जाळाले!” टेंडरचे कागद घेऊन आलेली बेबीताई ते मांडीवर धरून नुसती खुर्चीवर बसून राहिली. ते जास्त लागलं.

शेवटी अकोल्याच्या कुंदनला फोन लावला. हा कंप्यूटर दुरुस्तीवाला. मी चिडून विचारलं की असं काय मोठं काम करते ही फाइल? तो म्हणाला, “काका, ते फाइल स्वतःहून काईच करत नाई. कोपऱ्यात पडून राह्यते. पन सर्टिफिकेट पाह्यजे म्हनून कोनी हाक मारली का उठते, अर्ज लिहून देते, वर पाठवते, तिकडून मंजूर होऊन आलं का घेते आन् बरोबर जागेवर नेऊन ठेवते. ते नसली तं सायबाची सही असून उपेग नाई.”

डोमाजीभाऊ, फोन कानाशी होता आणि मला आपली ती खोली दिसली. लाल फडक्यांचे बस्ते, डांबरगोळ्यांचा वास, आणि खिडकीखालच्या स्टुलावर तुम्ही. सातबाऱ्याच्या नकलेसाठी खेड्यावरून आलेल्या माणसाला तुम्ही अर्ज लिहून द्यायचे, साहेबाकडे न्यायचे, शिक्का मारून आणायचे, वरून त्याची परतीची बस कितीला हेही सांगायचे. कुणी आलं नाही तर दिवसभर बसून. आणि नत्थुजींच्या शेताच्या वाटणीचा कागद मी चुकून ड वर्गात टाकला होता, तो तुम्ही गुपचूप काढून आपल्या घरच्या पेटीत ठेवलात. सहा वर्षांनी नत्थुजी रडत आले तेव्हा त्या पेटीने त्यांचं वावर वाचवलं आणि माझी नोकरीही. फार चांगले दिवस होते ते. आता मला त्यांची रोज आठवण येते.

कुंदनने एक हुकूम टाइप करायला सांगितला. या मशीनने प्रत्येक महत्त्वाच्या फाइलीची एक प्रत स्वतःच्या पोटात जपलेली असते म्हणे, कुणी शहाण्याने मूळ उडवली तर कामी यावी म्हणून. (म्हणजे यांच्यातही एक डोमाजी आहे.) फाइल परत जागेवर बसली, सर्टिफिकेट आलं, गुरुवारी पावणेपाचला टेंडर गेलं. बेबीताईने त्या मशीनला हात जोडले. माझ्याकडे पाहिलं नाही.

पावसाने वावरातली पऱ्हाटी बरी आहे. वहिनींना नमस्कार सांगावा.

आपला,
श्रावण

ता. क. मशीन चांगलं चालतंय, तेव्हा हे पत्र त्यासाठी नाही.

ता. क. २. कागद स्कॅन झाले त्या वर्षी वरून विचारणा आली होती, रेकॉर्ड खोलीतल्या शिपायाची गरज आहे काय. ‘काम शिल्लक नाही, कुणी विचारत नाही’ ही टिपणी मीच लिहिली. साहेबाने सांगितलं होतं, पण अक्षर माझं होतं. त्यापायी तुमची पातूरला बदली झाली आणि तुम्ही नोकरीची शेवटची दोन वर्षं तो गुडघा घेऊन पातूरच्या बसमध्ये उभ्याने काढली. माझं चुकलं, भाऊ.

ता. क. ३. त्या टिपणीची स्थळप्रत, कचेरीत राहायची ती, माझ्याजवळ आहे. मी तिला ड वर्ग दिला आहे. पण आता एकट्याच्या सहीने काही जाळायचं नाही, असं ठरवलंय. अकोल्याहून दर्यापूरची बस सकाळी आठला निघते. काडीपेटी माझ्याकडे आहे, सहीसाठी तुम्ही या.