आडनावावरचा अनुस्वार

३ जून, दुपारी ४
चार्जशीटची प्रत मिळाली. आरोप : सोसायटीच्या फाटकावरचा फलक विद्रूप केला. विद्रूप! 'येथे वाहाने लावु नये' होतं, मी रंगाने 'वाहने लावू नयेत' केलं. आभार मानायचे सोडून सेक्रेटरीकाकांनी पोलीस बोलावले.
प्रतीत अकरा चुका. आणि माझ्या आडनावावरचा अनुस्वारच गायब! म्हणजे आरोपी मी नव्हेच. खोलीभर नाचलो.

४ जून
वकीलसाहेबांचं म्हणणं, गुन्हा कबूल कर, किरकोळ दंड भर, सुटशील. मुळीच नाही! शिक्षेचा डाग लागला की वाचनालयातली कारकुनी गेली. सोमवारी, १५ तारखेला रुजू व्हायचंय. नववी नापासाला अशी जागा पुन्हा कोण देतो? वकील बंद. अनुस्वार पुरेसा आहे.

९ जून, सकाळी ११.१०
कोर्टात पहिल्याच बाकावर बसलो. शिपायाने तीनदा पुकारा केला. तिन्ही वेळा अनुस्वाराविना. मी ढिम्म. आरोपी गैरहजर! हसू दाबताना उचकी लागली. बाहेर येऊन स्वतःला दोन चहा पाजले.

११ जून
भावजींचा फोन. ते माझे जामीनदार, म्हणून त्यांना नोटीस. मला अकलेचा कांदा म्हणाले. मागून ताई म्हणाली, कांद्याला तरी काही उपयोग असतो. कायद्यातली बारीक बाजू घरच्यांना कळत नाही.

१२ जून, सकाळी ६
हवालदार वॉरंट घेऊन दारात. शांतपणे सांगितलं, या नावाचं इथे कोणी राहत नाही. मग तुझं काय, म्हणाले. एकेक अक्षर सांगितलं, अनुस्वारासकट. मन लावून लिहून घेतलं. खात्यात अशी माणसं हवीत! वाचून पाहिलं : वॉरंटवरचं नाव, मग 'उर्फ', मग माझं. 'ऊर्फ' दीर्घ असतो. तेवढं सुधारून घेतलं.

१२ जून, दुपारी
न्यायाधीशसाहेबांनी विचारलं, किती नावांनी वावरतोस? जामीन रद्द. सोमवारपर्यंत कोठडी. भावजी विचारत होते, पुढच्या खेपेला दोघांपैकी कुणाला जामीन राहू?

१५ जून
साहेबांनी विचारलं, गुन्हा कबूल? म्हणालो, हो, दोघांनाही. दंड भरला. धावत वाचनालयात पोचलो तर साडेबारा. माझ्या खुर्चीत दुसराच. त्याला वाटलं, सभासद व्हायला आलोय. फॉर्म काढला, नाव विचारलं. म्हणालो, तुम्हाला सोपं जाईल तसं लिहा.