हात दिसले पाहिजेत

२ फेब्रुवारी
आजपासून लग्नाचे व्हिडिओ बंद. तोंडात घास असलेली माणसं शूट करून करून माणसांचाच वीट आलाय. यापुढे फक्त उपेक्षितांवर डॉक्युमेंटरी. कुणीतरी त्यांचा आवाज व्हायला हवं. बायको म्हणाली, आधी घरातल्यांचं ऐकायला शीक. तिला दृष्टी नाही.

५ फेब्रुवारी
विषय मिळाला. डेपोवर कचरा निवडणाऱ्या बायका. जाऊन आलो. वासाने ओकलो, पण समाजासाठी ओकलो. घरी बायकोने कपडे गॅलरीतच काढायला लावले. समोरच्या बिल्डिंगने पाहिलं.

९ फेब्रुवारी
शूटिंगचा पहिला दिवस फुकट. सगळ्या बायकांच्या हातात कोरे करकरीत पिवळे रबरी मोजे. संप करून ठेकेदाराकडून नुकतेच मिळवलेत म्हणे. अभिनंदन केलं, पण फ्रेमची पार वाट लागली. शोषण दिसायला हवं तिथे साबणाची जाहिरात दिसते.

१० फेब्रुवारी
त्यांच्या पुढारी मावशींना म्हटलं, शॉटपुरते मोजे काढायला सांगा. त्या म्हणाल्या, दादा, काचा असतात, सुया असतात. मी म्हटलं, प्रेक्षकाला हात दिसले पाहिजेत, तुमच्याच भल्यासाठी सांगतोय. बरंच डोकं खाल्ल्यावर काढले. अप्रतिम शॉट.
मी स्वतः मोज्यांवर मोजे घालून शूट केलं. कॅमेरा नाजूक आहे.

१८ फेब्रुवारी
एडिटिंग. मावशींची मुलाखत उडवली. संप, मोजे, ठेकेदार, तेच तेच. बाई थांबतच नाही. तिथे बासरी टाकली. मौन जास्त बोलतं. नाव 'उघडे हात'.

६ मार्च
तिसऱ्या फेस्टिव्हलचाही नकार. हे ज्युरी म्हणजे एसीत बसून गरिबी हुंगणारी जमात. शिसारी येते. फिल्म नेटवर टाकून दिली. घरी सगळ्यांना बसवून दाखवली. मेव्हणा घोरला. बायको शेवटपर्यंत जागी होती, पण मटार सोलत होती.

१९ मार्च
ठेकेदाराचा फोन! फिल्म पूर्ण पाहिली, पुन्हा पाहिली, चांगल्या क्वालिटीची कॉपी हवी म्हणाला. शोषकाचं मन पालटवते ती खरी कला. लगेच पाठवली. बायकोने विचारलं, त्याला कशाला हवी? मुळात संशयी स्वभाव.

२६ मार्च, संध्याकाळी
कामगार अधिकाऱ्यांच्या ऑफिसात स्क्रीनिंग झालं, ठेकेदाराने मला खास बोलावलं होतं. ठेकेदाराला मोजे देणं बंद करायचंय, त्याची सुनावणी होती. तो म्हणाला, आम्ही देतो, या बायका घालतच नाहीत, हा पुरावा. आणि माझी फिल्म लावली. कुणी घोरलं नाही. तेवढं बरं वाटलं.
मग मावशी उठल्या. माझ्याकडे बोट करून म्हणाल्या, यांनीच काढायला लावले. साहेबांनी मला विचारलं, खरं का? सगळे माझ्याकडे बघायला लागले. काढायला लावले म्हटलं असतं तर डॉक्युमेंटरी कसली, नाटकच झालं असतं. म्हणालो, मी कुणाला काही सांगत नाही, फक्त समोरचं टिपतो. साहेब म्हणाले, फार वास्तववादी काम आहे. पहिली दाद.
बाहेर जिन्यात त्यांच्यातली एक तरुण बाई माझ्या पायाजवळ थुंकली. किती घाणेरडी सवय.

२७ मार्च
बायकोला सगळं सांगितलं. ती गादी उचलून मुलीच्या खोलीत गेली. कलावंताच्या वाट्याला एकटेपण येतंच.

२ एप्रिल
मोजे बंद झाले. सकाळी मावशींचा फोन आला. मी शिव्या खायच्या तयारीने उचलला. शिव्या नाहीत. शांतपणे म्हणाल्या, थुंकली ना, त्याच पोरीचा तळहात काल काचेने चिरला, टाके पडलेत, बोटं हलत नाहीत. उद्या या शूटिंगला. आता काढा म्हणून सांगायला लागणार नाही.
उद्या जमणार नाही म्हटलं. त्यांनी आधीच फोन ठेवला होता.